वनस्पतिशास्त्र शिकलेले गव्हर्नर

तुम्ही विचारलेत म्हणून लिहितो. सी. डी. देशमुखांविषयी कुठेही बोलायला उभा राहिलो की हा प्रश्न येतोच: केंब्रिजला वनस्पतिशास्त्र शिकलेला, आय.सी.एस. (ब्रिटिश काळातली सनदी सेवा) होऊन जिल्ह्यांचा कारभार पाहिलेला माणूस रिझर्व्ह बँकेचा गव्हर्नर कसा झाला? विचारणाऱ्याच्या मनात बहुधा हल्ली गव्हर्नर झालेले सनदी अधिकारी असतात, त्यामुळे प्रश्नात कुतूहल असते तसा थोडा टोमणाही असतो.

महाडजवळच्या नाते गावी १८९६ साली जन्मलेले चिंतामणराव १९१२ च्या मॅट्रिकला पहिले आले आणि संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनी मिळवली, हे बहुतेकांना ठाऊक असते. पण नुसती हुशारी हे काही या प्रश्नाचे उत्तर नव्हे. उत्तर शोधायचे ते मध्य प्रांत व वऱ्हाडातल्या त्यांच्या नोकरीत. तिथे त्यांनी जमाबंदी अधिकारी म्हणून काम केले. जमिनीचा मगदूर ठरवायचा, मालक कोण आणि कूळ कोण याच्या नोंदी तपासायच्या आणि पुढची कित्येक वर्षे निभेल असा शेतसारा बसवायचा, असे ते काम. सारा जड झाला तर शेतकरी सावकाराच्या दारात जातो, हलका झाला तर प्रांताच्या तिजोरीत खडखडाट होतो. पुढे त्याच प्रांताचे महसूल आणि अर्थ ही खाती त्यांनी सचिव म्हणून सांभाळली. सरकारी पैसा कुठून येतो आणि तो गोळा करताना कोणाला चिमटा बसतो, हे त्यांनी पाहिले होते, आणि गव्हर्नरला हे ठाऊक असणे मला पदवीपेक्षा मोलाचे वाटते.

शिवाय ते वरून आणून बसवलेले गव्हर्नर नव्हते. जुलै १९३९ मध्ये ते बँकेत आले ते सरकार आणि बँक यांच्यातले संपर्क अधिकारी म्हणून. काही महिन्यांतच ते बँकेच्या मध्यवर्ती मंडळाचे, म्हणजे संचालक मंडळाचे, सचिव झाले, १९४१ च्या अखेरीस डेप्युटी गव्हर्नर झाले, आणि सर जेम्स टेलर यांच्या निधनानंतर ११ ऑगस्ट १९४३ रोजी पहिले भारतीय गव्हर्नर. म्हणजे खुर्चीवर बसण्याआधी चार वर्षे, तीही महायुद्धाची, त्यांनी बँकेचे काम आतून पाहिले होते. पुढल्याच वर्षी, युद्धानंतरची जागतिक चलनव्यवस्था ठरवणाऱ्या ब्रेटन वुड्स परिषदेच्या भारतीय शिष्टमंडळात ते होते.

सनदी अधिकारी सरकारपुढे मान डोलावतो, हा दुसरा आक्षेप. त्यावर मी जानेवारी १९४६ ची हकीकत सांगतो. काळा पैसा बाहेर काढण्यासाठी सरकारने वटहुकूम काढून पाचशे, हजार आणि दहा हजार रुपयांच्या नोटा रद्द केल्या. यातून फारसे काही हाती लागणार नाही, असे गव्हर्नर देशमुखांचे मत होते आणि ते त्यांनी सरकारपाशी मांडलेही होते. सरकारने ऐकले नाही, तेव्हा बँकेने योजना राबवली. अखेर सुमारे १४४ कोटी रुपयांच्या नोटांपैकी जवळपास १३५ कोटींच्या नोटा लोकांनी रीतसर बदलून घेतल्या. मत स्पष्ट द्यायचे आणि निर्णय झाला की अंमलबजावणीत कसूर करायची नाही, ही जुन्या सनदी सेवेची रीत होती. ती मध्यवर्ती बँकेला पुरेशी आहे का, यावर मात्र वाद घालता येईल, आणि मी तो दोन्ही बाजूंनी घातला आहे.

फाळणीच्या वेळी तर प्रशासकाचीच गरज होती. दोन देश झाले, पण ३० जून १९४८ पर्यंत दोघांचीही मध्यवर्ती बँक एकच होती, आपली रिझर्व्ह बँक. त्या काळात पाकिस्तानात चालायच्या नोटा आपल्याच, फक्त एप्रिल १९४८ पासून त्यांवर इंग्रजीत आणि उर्दूत ‘पाकिस्तान सरकार’ अशी जादा अक्षरे छापलेली. एकीकडे काश्मीरची लढाई आणि दुसरीकडे पाकिस्तानला द्यायच्या ५५ कोटींवरून उठलेला गदारोळ. अशा दिवसांत बँकेची मालमत्ता आणि देणी वाटून देणे हे अर्थशास्त्रापेक्षा मोठ्या जमीनदारीच्या वाटणीसारखे काम होते, आणि वाटणीची कागदपत्रे देशमुखांइतकी क्वचितच कोणा गव्हर्नरने हाताळली असतील.

आता तुमच्या मनातल्या नावांकडे येतो. गव्हर्नरने अमुकच शिकलेले असावे, असे रिझर्व्ह बँकेच्या कायद्यात कुठेही म्हटलेले नाही. सनदी सेवेतून गव्हर्नर झालेले शक्तिकान्त दास इतिहासाचे विद्यार्थी, त्यांच्यानंतर आलेले संजय मल्होत्रा अभियंते, आणि २०१६ पासून व्याजदर सहा जणांची समिती ठरवते, त्यामुळे एकट्या गव्हर्नरच्या पदवीवर पूर्वीइतके काही अडत नाही. मला खटकते ते वेगळेच. अर्थखात्याचे सचिव मध्यवर्ती मंडळावर बसतात ते सरकारचे प्रतिनिधी म्हणून, आणि पुढे त्यांच्यातलाच कोणी गव्हर्नर झाला की कालपर्यंत ज्या बाजूने मागणी केली तिलाच आज नकार द्यायची वेळ त्याच्यावर येऊ शकते. देशमुखांना त्यासाठी बँकेत चार वर्षे मिळाली होती. मल्होत्रा डिसेंबर २०२४ मध्ये महसूल सचिवपदावरून थेट मुंबईला गव्हर्नर म्हणून आले.