तुम्ही विचारलंत म्हणून: स्वस्तातला डस्ट कलेक्टर सुधारायचा कसा?

"ताई, दोन एचपीचा एका पिशवीचा डस्ट कलेक्टर घेतला, तरी शेडमध्ये धूळ तशीच. आता तीन एचपीची मोटर बसवून घेऊ का?" हा प्रश्न मला सतत येतो. डस्ट कलेक्टर म्हणजे पंख्याने भुसा-धूळ ओढून हवा कापडी पिशवीतून गाळणारं मशीन. विचारणारे बहुतेक नोकरी सांभाळून शनिवार-रविवारी सुतारकाम करणारे असतात. कुणाचा पसारा पार्किंगमध्ये, कुणाचा गच्चीवर, कुणाचा माझ्यासारखा घरामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये.

माझं उत्तर ठरलेलं आहे: मोटरला हात लावू नका. ढलप्या आणि जाड भुसा ओढण्यापुरती ताकद तुमच्या मशीनमध्ये आहे. पण ओढलेल्या धुळीतली सगळ्यात बारीक धूळ ते पिशवीतून परत खोलीतच सोडतं. मोटर मोठी केलीत तर हीच धूळ जास्त जोराने बाहेर पडेल. पैसे घालायचे ते हवा बाहेर पडते त्या टोकाला, आणि तेही आधी.

खात्री करून घ्यायची असेल तर एक संध्याकाळ काढा. एमडीएफचे (दाबलेल्या लाकूडतंतूंच्या बोर्डाचे) दोन-चार तुकडे कापा, मशीन बंद करा, पाच मिनिटांनी दिवे मालवा आणि एक चांगला टॉर्च पिशवीच्या पलीकडे असा ठेवा की त्याचा झोत पिशवीला घासून तुमच्या दिशेने येईल. आता मशीन चालू करा. लोंबणारी पिशवी धप्पकन फुगते आणि त्याच क्षणी शिवणीतून, पिशवी आवळणाऱ्या पट्ट्याखालून आणि कापडाच्या अंगातूनही फिकट धूर निघताना दिसतो. दिव्याच्या उजेडात हे अजिबात दिसत नाही. माझ्याकडे आलेल्या ज्या ज्या माणसाला मी हे दाखवलं, त्याने मोटरचा विषय पुन्हा काढला नाही.

हा धूर महत्त्वाचा का, ते सांगते. आपल्या केसाची जाडी साधारण ७० मायक्रॉन (एक मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). स्वस्त मशीनबरोबरची पिशवी बहुधा ३० मायक्रॉनची असते. फुप्फुसाच्या तळाशी जाऊन बसते ती धूळ मात्र चार-पाच मायक्रॉन किंवा त्याहून बारीक. अडीच मायक्रॉनचा कण स्थिर हवेतसुद्धा छतापासून जमिनीवर यायला काही तास घेतो. तुम्ही झाडून-पुसून, हात धुऊन, चहा पिऊन परत शेडमध्ये येता तेव्हा तो तिथेच तरंगत असतो. दुपारी पत्र्याच्या भोकातून येणारा कवडसा बघा, कळेल.

इंग्लंडमधलं हाय विकम हे खुर्च्या आणि फर्निचरसाठी प्रसिद्ध गाव. तिथल्या नाक-कान-घशाच्या सर्जन एस्मे हॅडफील्ड यांच्या लक्षात आलं, की नाकाच्या पोकळीचा एरवी फार दुर्मीळ असलेला कर्करोग गावातल्या फर्निचर कामगारांत वारंवार दिसतोय. त्यावरचं संशोधन १९६० च्या दशकात प्रसिद्ध झालं. पुढे १९९५ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने लाकडाच्या धुळीला पहिल्या गटात, म्हणजे माणसात कर्करोग निर्माण करते हे सिद्ध झालेल्या पदार्थांत टाकलं. ती माणसं आयुष्यभर रोज आठ तास त्या धुळीत होती, आपण सुट्टीच्या दिवशी असतो. धोका सारखा नाही हे खरं. पण आपली शेड लहान, खिडकी एक, आणि त्याच घरात लहान मुलं आणि म्हातारी माणसं. शिवाय सागवान आणि शिसव या आपल्या आवडत्या दोन्ही लाकडांच्या धुळीची ॲलर्जी होऊ शकते. एकदा अंगाला ती लागली की पुढे थोड्या धुळीनेही त्रास होतो. प्लाय-एमडीएफच्या धुळीत वर फॉर्माल्डिहाइडचं रेझिन असतं.

आता पिशवीचं गणित. ५० सेंटिमीटर व्यासाची आणि ८० सेंटिमीटर उंचीची पिशवी धरा. वरचं टोपण धरूनही तिचं कापड दीड चौरस मीटर भरत नाही. त्यातून ८०० सीएफएम (मिनिटाला ८०० घनफूट) हवा गेली, तर कापडातून जाणाऱ्या हवेचा वेग मिनिटाला सोळा मीटरच्या आसपास येतो. कारखान्यांतल्या बॅग फिल्टरमध्ये हाच वेग मिनिटाला एक-दोन मीटर ठेवायचा प्रयत्न असतो. एवढ्या जोरात हवा आली तर कापड बारीक कण अडवणार कसे? म्हणून कापड वाढवायचं. भोसरी, सातपूर, बुटीबोरी अशा कुठल्याही मोठ्या एमआयडीसीच्या आसपास फिल्टर बॅग शिवणारे भेटतात. त्यांच्याकडे पॉलिस्टर नीडल फेल्ट नावाचं नमद्यासारखं जाड कापड असतं; ५०० जीएसएमचं (चौरस मीटरला ५०० ग्रॅम) मागा. मशीनवर पिशवी बसते त्या रिंगचा घेर मोजून न्या आणि शेडची उंची पुरेल तितकी लांब पिशवी शिवून घ्या. नवी पिशवी पहिले काही दिवस थोडी धूळ सोडते, मग आतून धुळीचा पातळ थर बसला की तीच पिशवी जास्त बारीक गाळते. तो थर धुऊन काढायचा नाही. ओढ कमी झालीशी वाटली की मशीन बंद असताना बाहेरून हलकेच थोपटायची.

दुसरा मार्ग कार्ट्रिजचा, म्हणजे घड्या घातलेल्या नळकांडी फिल्टरचा. पावडर कोटिंगच्या बूथना लागतात तशा एका कार्ट्रिजमध्ये दहा चौरस मीटरच्या आसपास गाळणारं माध्यम बसतं. काम उत्तम, पण ढलप्या घड्यांत अडकल्या की तो लवकर गुदमरतो. आधी ढलप्या वेगळ्या करायची सोय नसेल तर कार्ट्रिजच्या नादी लागू नका. दोन्हींपैकी काहीही घेतलंत तरी पट्ट्याखाली दारा-खिडक्यांना लावतात ती फोमची चिकटपट्टी लावा. शंभर-दीडशे रुपयांच्या आतलं काम आहे आणि टॉर्चच्या झोतात फरक लगेच दिसतो.

पण मला स्वतःला सगळ्यात पटलेला उपाय याहून साधा आहे: मशीनच भिंतीबाहेर ठेवा. अमेरिका-युरोपातले लोक हे टाळतात, कारण हिवाळ्यात तापवलेली हवा बाहेर जाते आणि हीटरचं बिल वाढतं. आपल्याला हीटर माहीत नाही! भिंतीला एक भोक पाडा, पाइप आत, मशीन आणि पिशवी बाहेर पत्र्याच्या छपराखाली. पिशवीतून निसटेल ती धूळ मोकळ्या हवेत जाते, आणि तो कर्कश आवाजही बाहेर जातो. दोन गोष्टी सांभाळाव्या लागतात. एक, जेवढी हवा बाहेर गेली तेवढी आत यायला समोरची खिडकी उघडी हवी, नाहीतर ओढ मरते. दुसरी, शेजारी. त्यांचे कपडे वाळत पडतात त्या बाजूला तोंड करू नका, आणि कामाची वेळ त्यांच्याशी बोलून ठरवा. घरं भिंतीला भिंत लागून असतील तर हा उपाय सोडून द्या, पिशवीच मोठी करा. पावसाळ्यात पिशवी ओली होणार नाही इतकं छप्पर पुढे काढा, आणि जूनपासून खालची भुसा साठणारी प्लास्टिकची पिशवी लवकर-लवकर रिकामी करा. दमट भुशाला आठवड्यात बुरशी धरते. रिकामी करताना मास्क हवाच, सगळ्या कामात जास्त धूळ तेव्हा उडते. आणि प्लाय-एमडीएफचा भुसा झाडांना किंवा कंपोस्टमध्ये घालू नका.

मग पाइप. मशीनबरोबर येणारा वळ्यावळ्यांचा लवचीक पाइप गुळगुळीत पाइपपेक्षा कितीतरी जास्त ओढ खातो. तो शेवटच्या हातभरापुरता ठेवा, बाकी सगळीकडे शेतीला वापरतात तो ११० मिलिमीटरचा ४ केजीचा पीव्हीसी पाइप लावा. चार इंची तोंड त्यात जवळजवळ बसतं. उरलेली फट चिकटपट्टीचे वेढे देऊन भरते. सांधे सोल्युशनने चिकटवू नका, स्क्रू आणि टेपने बंद करा, म्हणजे उद्या मशीनची जागा बदलली तर पाइप वाया जात नाही. ९० अंशांचा एल्बो टाळा, ४५ चे दोन बेंड लावा. ढलप्या वाहून न्यायला पाइपात हवेचा वेग सेकंदाला वीस मीटर लागतो, आणि चार इंची पाइपात तेवढ्या वेगाला साधारण ३५० सीएफएम हवा पुरते. म्हणून कुणी सहा इंची पाइप सुचवला तर घाई करू नका. त्याचं क्षेत्रफळ सव्वादोन पट असतं. लहान मशीनची हवा त्यात मंदावते आणि आडव्या पाइपात भुसा बसतो. मी म्हणेन, पाइप आखूड ठेवा आणि सगळ्यात जास्त धूळ करणारं यंत्र त्या भिंतीच्या भोकाजवळ आणा.

इथे एक सांगितलंच पाहिजे. अमेरिकी व्हिडिओ बघून मोठा पंखा बसवायला निघालेले बरेच जण मला विचारतात. तिकडे वीज ६० हर्ट्झची, मोटर मिनिटाला सुमारे ३४५० फेरे घेते. आपली ५० हर्ट्झची, फेरे २८५० च्या आसपास. तोच पंखा इथे फिरवला तर हवा सतरा-अठरा टक्के कमी आणि दाब तर तिथल्या दोन तृतीयांशच. त्यांचे आकडे इथे जसेच्या तसे धरू नका. पंख्याचा व्यास वाढवला की मोटरवरचा बोजा व्यासापेक्षा कितीतरी पटीने वाढतो. क्लॅम्प मीटर (तारेभोवती धरून करंट मोजणारा) लावून अँपिअर न बघता हे केलं तर वाइंडिंग जळतं.

ढलप्या वेगळ्या करणारं पिंप मात्र जरूर बनवा. अमेरिकेतल्या फिल थीन यांच्या नावाने ओळखला जाणारा बॅफल घरी बनवता येतो: पिंपाच्या झाकणाखाली एक गोल फळी, तिच्या कडेला २४० अंशांत सुमारे २८ मिलिमीटरची फट. हवा गोल फिरते, जड ते फटीतून खाली पडतं, हलकं पुढे जातं. बारीक धूळ हा बॅफल अडवत नाही, ते त्याचं कामच नाही. तो फिल्टर वाचवतो, आणि चुकून ओढला गेलेला स्क्रू पंख्यावर आपटून ठिणगी पिशवीतल्या भुशात जाण्याआधी खाली पाडतो. पिंप पत्र्याचं किंवा जाड एचडीपीईचंच घ्या. पाइप तुंबला आणि आतला दाब २०० मिलिमीटर उंचीच्या पाण्याइतका कमी झाला, तर ५० सेंटिमीटरच्या झाकणावर बाहेरची हवा चाळीसेक किलोने दाबते. पातळ प्लास्टिकचं पिंप तेव्हा आवाज करत चेपतं.

यंत्राच्या तोंडाशी थोडी मेहनत घ्या. टेबल सॉच्या (टेबलातून गोल पातं वर येतं त्या करवतीच्या) पोटाला मागून मोटरसाठी मोठं उघडं खिंडार असतं. प्लायच्या तुकड्यांनी ते बरंचसं बंद करा, मोटरला हवा लागेल एवढी जागा सोडून. पात्याच्या वर उडणारी धूळ खालून कधीच पकडता येत नाही, तिला गार्डवर वेगळं तोंड द्यावं लागतं. ऑर्बिटल सँडर (घासायचं) आणि ट्रिमर (कडा कापायचं) ही हातातली यंत्रं डस्ट कलेक्टरला जोडू नका. त्यांची तोंडं लहान, तिथे दाब लागतो आणि तो व्हॅक्यूम क्लीनरकडे या मशीनच्या दहापट असतो.

विजेचं थोडक्यात: दोन एचपीची सिंगल फेज मोटर नऊ-दहा अँपिअर घेते आणि सुरू होताना त्याच्या काही पट. स्वतंत्र १६ अँपिअरचा पॉइंट, सी प्रकारचा एमसीबी, आणि लांब बारीक एक्स्टेन्शन अजिबात नाही.

हे सगळं झालं की पीएम २.५ चा, म्हणजे अडीच मायक्रॉन आणि त्याहून बारीक धूळ मोजणारा साधा मीटर शेडमध्ये टांगा. भारताच्या मानकानुसार २४ तासांची सरासरी घनमीटरला ६० मायक्रोग्रॅमच्या आत हवी; बंद शेडमध्ये सँडिंग करताना आकडा बघता बघता शेकड्यात जातो. काम थांबवल्यावर तो किती वेळात खाली येतो ते बघा. त्यावरूनच कळतं मास्क कधी काढायचा, आणि तोवर एन९५ चेहऱ्यावरच राहिला पाहिजे.

फ्लॅटच्या गॅलरीत काम करणाऱ्यांनी मात्र डस्ट कलेक्टरवर खर्चच करू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. प्लाय आणि एमडीएफ मापं देऊन दुकानातूनच पॅनेल सॉवर कापून आणा, सँडरला चांगल्या फिल्टरचा व्हॅक्यूम जोडा, आणि जमेल तेवढं काम करवत, रंधा, पटाशीवर करा. रंध्याच्या ढलप्या केरसुणीने गोळा होतात, हवेत तरंगत नाहीत.