सुपर की साधं?

रविवार, रात्री उशिरा

जाक देमीचा फ्रेंच सिनेमा ‘द अम्ब्रेलाज ऑफ शेरबूर’ (१९६४) आज पुन्हा पाहिला. दीड तासात एकही वाक्य बोललेलं नाही, सगळं गायलेलं. सुरुवातीलाच गॅरेजमधला मेकॅनिक इंजिनाबद्दलही गाऊनच सांगतो. नवख्या प्रेक्षकाला इथे हसू फुटतं. आपल्याकडे संगीत नाटकात पद आलं की गद्य बाजूला सरकून उभं राहतं. इथे बाजूला सरकायला गद्यच नाही, त्यामुळे छत्र्यांच्या दुकानाचा थकलेला कर आणि ‘तुझ्याशिवाय कशी जगू’ हे दोन्ही सारख्याच तोलाने येतं.

दिग्दर्शक म्हणून मला छळतं ते वेगळंच. संगीतकार मिशेल लग्रांचं संगीत शूटिंगच्या आधी रेकॉर्ड झालेलं. पडद्यावर कॅथरीन डेनव्ह, आवाज गायिका दानिएल लिकारीचा. प्लेबॅक आपल्या अंगवळणी पडलेला, पण तो गाण्यापुरता. इथे नटीने किती थांबायचं, दार कितव्या मात्रेला गाठायचं, सगळं सेटवर जाण्याआधीच ठरलेलं. मी पॉज एडिटिंगला बसल्यावर शोधतो! देमीला ही चैन नव्हती. तरीही डेनव्हच्या चेहऱ्यावर काहीच पाठ केलेलं दिसत नाही.

गोष्ट साधी. तो मेकॅनिक, गी, अल्जीरियाच्या युद्धावर जातो, छत्र्यांच्या दुकानातली त्याची प्रेयसी जेनव्हीएव्ह (डेनव्ह) गरोदर, पत्रं विरळ होतात, ती दुसऱ्याशी लग्न करते.

मग डिसेंबर १९६३. बर्फ पडतोय, गीच्या पेट्रोल पंपावर तिची गाडी येते. गाडीत त्याची मुलगी. पंपावरचा पोरगा विचारतो, पेट्रोल सुपर की साधं? ती म्हणते, काहीही चालेल. एवढ्या एका उत्तरात तिची सगळी अवस्था कळते. मुलीला बघायचंय का, या प्रश्नावर गी नुसती नकारार्थी मान हलवतो. दुसऱ्या कुणी इथे मिठी तरी मारायला लावली असती. लग्रांचे व्हायोलिन्स मात्र जरा जास्तच चढतात.

ती जाते आणि गीची बायको मादलेन मुलाला घेऊन परत येते. त्याच्या आत्याची सेवा केलेली, त्याचा भूतकाळ ठाऊक असलेली बाई. नुकतं कोण येऊन गेलं हे तिला कळतं का? मी तिचा एक क्लोजअप घेतला असता. देमी कॅमेरा लांब नेतो. त्याचंच बरोबर असावं, पण मला ते अजून पटत नाही.