आप्पांच्या पायाला कोणतं मलम लावलंत?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. शाळेच्या फाटकाशी, लग्नाच्या पंगतीत, कधी रात्री दहाला अनोळखी नंबरवरून, लोक मला हे एकच विचारतात. "तुमच्या आप्पांच्या पायाची जखम भरली म्हणं. कंचं मलम लावलं?" विचारणाऱ्याच्या घरात तशीच जखम असते. आईची, सासऱ्यांची, नाहीतर स्वतःची. म्हणून मी उत्तर कधी टाळत नाही. पण ते ऐकून बहुतेकांचा चेहरा पडतो, कारण त्यात मलमाचं नाव नसतं.

आप्पा इचलकरंजीत यंत्रमागावर होते. ३४ वर्षं. बारा तासांची पाळी, आणि मागावर बसून काम होत नाही. मागांमधल्या बोळात उभं राहायचं, धागा तुटला की सांधायचा, कांडी संपली की बदलायची. चाळिशीतच त्यांच्या डाव्या पोटरीवरच्या शिरा दोरीसारख्या फुगल्या होत्या. खात्यातल्या कितीतरी जणांच्या तशाच होत्या, त्यामुळे कुणाला त्याचं काही वाटलं नाही. मग संध्याकाळी घोटा सुजायला लागला. घोट्याच्या वर, आतल्या बाजूला, कातडी आधी तांबूस आणि मग काळपट झाली. तिथं सारखी खाज सुटायची. आम्ही त्याला नायटा समजलो. एकदा तिथंच मागाचं लोखंड घासलं, जरासं खरचटलं, आणि ते भरलंच नाही. रुपयाएवढी जखम सहा वर्षांत पुरीएवढी झाली.

त्या सहा वर्षांत आम्ही काय लावायचं सोडलं? हळद, कोरफड, मोरचुदाचं पाणी, मध, नाना पावडरी. एका दवाखान्यात रोज हायड्रोजन पेरॉक्साइड ओतायचे. फेस आला की आम्हाला बरं वाटायचं, घाण निघतेय म्हणून. नव्यानं धरू पाहणाऱ्या नाजूक पेशीही त्यानं मरतात, हे फार उशिरा कळलं. निओमायसिन या अँटिबायोटिकच्या मलमानं तर जखमेभोवतीचा सगळा पाय लालभडक होऊन चिघळला. ती त्या मलमाचीच ॲलर्जी होती, आणि पायाच्या जुन्या जखमा असलेल्यांना ती बरेचदा होते. आम्हाला वाटलं इन्फेक्शन वाढलं. पुन्हा अँटिबायोटिक. शिवाय पथ्य: वांगं बंद, बटाटा बंद, आंबट बंद, अंडंसुद्धा बंद. जखम भरायला जी प्रथिनं लागतात तीच मी माझ्या हातानं त्यांच्या ताटातून काढली. याचं मला अजून वाईट वाटतं.

शेवटी मिरजेला एका सर्जनकडे नेलं. त्यांनी जखमेकडे नंतर पाहिलं. आधी आप्पांना उभं केलं आणि पोटरी पाहिली. सहा वर्षांत हे पहिल्यांदाच घडत होतं.

कलर डॉपलर, म्हणजे शिरांतलं रक्त कसं वाहतं ते दाखवणारी सोनोग्राफी, झाल्यावर त्यांनी समजावलं. पायातलं रक्त वर हृदयाकडे चढतं ते बरंचसं पोटरीच्या जोरावर. चालताना पोटरीचे स्नायू शिरा पिळतात, रक्त वर जातं, आणि ते पुन्हा खाली येऊ नये म्हणून शिरांमध्ये झडपा असतात. आप्पांच्या झडपा निकामी झाल्या होत्या. आप्पा लगेच म्हणाले, "म्हणजे फुटव्हॉल गेलाय." गावाकडच्या विहिरीवर मोटार असलेल्या माणसाला याहून जास्त सांगावं लागत नाही. फुटव्हॉल गळका असला की मोटार कितीही चालवा, पाइपातलं पाणी परत विहिरीत.

उभं राहिल्यावर घोट्याजवळच्या शिरेतला दाब ८० ते ९० मिलिमीटरपर्यंत जातो (रक्तदाब मोजतात तेच, पाऱ्याचे मिलिमीटर). निरोगी माणूस चालू लागला की तो ३०च्या आसपास उतरतो. आप्पांचा चालूनही उतरत नव्हता. तो दाब कातडीतल्या बारीक रक्तवाहिन्यांवर वर्षानुवर्षं बसला, त्यातून पाणी झिरपलं, तांबड्या पेशी झिरपल्या. त्या पेशींतल्या लोहानं कातडी काळपट झाली होती. नायटा नव्हताच तो. अशा कातडीला ओरखडा पुरतो. आणि तो भरावा तरी कसा, खालून ओल सतत दाबून वर येत असताना? वरून काहीही लावा, ओल खालून येतच राहणार.

म्हणून माझं उत्तर: दाब. बाहेरून नेमका, मोजून दिलेला दाब. घोट्याशी साधारण ४० मिलिमीटर आणि गुडघ्याकडे जाताना कमी कमी होत जाणारा. लंडनच्या चेरिंग क्रॉस हॉस्पिटलमध्ये १९८०च्या दशकात यासाठी चार थरांची पट्टी तयार झाली, आप्पांना तशीच बांधायचे. खाली कापूस, मग क्रेप, वर दोन लवचीक थर. बोटांच्या मुळापासून गुडघ्याच्या खालपर्यंत, टाच झाकून, पाऊल काटकोनात धरून. जखमेवर फक्त न चिकटणारी साधी जाळी. मी विचारलं, "आणि मलम?" सर्जन म्हणाले, "लागणार नाही."

इथं एक गोष्ट कळकळीनं सांगते. हे वाचून उद्या घरी कुणाचा पाय आवळून बांधू नका. पट्टीआधी सर्जननी आप्पांच्या दंडाचा आणि घोट्याचा रक्तदाब छोट्या डॉपलर यंत्रानं मोजला होता. घोट्याच्या आकड्याला दंडाच्या आकड्यानं भागायचं. उत्तर ०.८च्या खाली आलं तर पायाकडे येणारं रक्तच कमी पडतंय, आणि त्यावर घट्ट पट्टी बांधली तर पाय जाऊ शकतो. मधुमेह्यांच्या रक्तवाहिन्या कडक झालेल्या असल्या तर हा आकडा फसवा, जास्त येतो, तेव्हा आणखी तपासावं लागतं. घरी ओळखायची एक खूण आहे, पण ती तपासणीची जागा घेत नाही. शिरांच्या जखमेचं दुखणं पाय वर घेतला की हलकं होतं. रक्तपुरवठा कमी असलेला पाय वर घेतला की जास्त दुखतो, असा माणूस रात्री पाय खाटेखाली सोडून झोपतो. आणि पट्टी बांधल्यावर बोटं निळी, गार किंवा बधिर झाली, तर सकाळची वाट न पाहता ती सोडायची.

पहिला आठवडा वाईट गेला. लस पट्टीतून बाहेर यायची, वास यायचा, आप्पा दोनदा म्हणाले काढून टाक. तिसऱ्या आठवड्यात पट्टी कोरडी निघाली. मी गणित शिकवते, म्हणून मला एक काम मिळालं. दर रविवारी वहीच्या पारदर्शक कव्हरावर जखमेची कड गिरवायची, ते कव्हर आलेखाच्या कागदावर ठेवायचं आणि चौकोन मोजायचे. सुरुवातीला १६ चौरस सेंटिमीटर. चार आठवड्यांनी ११. त्या दिवशी आप्पांनी तो कागद हातात घेऊन स्वतः चौकोन मोजले. भरायला सात महिने लागले. जखम पट्टीनंही आटत नसती, किंवा तिची कड जाड होऊन उलटली असती, तर तुकडा काढून तपासायचं ठरलं होतं, कारण फार जुन्या जखमेत क्वचित कर्करोग निघतो. ती वेळ आली नाही.

शिरेचं लेझर, म्हणजे निकामी शीर आतून बंद करणं, आम्ही जखम भरल्यावर केलं. आज मी कुणालाही सांगेन, आधीच विचारा. ब्रिटनमध्ये ४५० रुग्णांवर झालेला अभ्यास २०१८ साली प्रसिद्ध झाला. पट्टीबरोबर शिरेवरचे उपचारही लगेच केलेल्यांपैकी निम्म्यांच्या जखमा ५६ दिवसांत भरल्या, थांबलेल्यांपैकी निम्म्यांच्या भरायला ८२ दिवस लागले. आता आप्पा रोज सकाळी अंथरुणातून उतरण्याआधी घट्ट मोजा चढवतात. इचलकरंजीच्या मे महिन्यातही. एका उन्हाळ्यात तीन आठवडे घातला नाही, तर कातडी पुन्हा ओली दिसू लागली होती. साधारण सहा महिन्यांनी मोज्याचा ताण जातो, मग नवा घ्यायचा.

या सगळ्यात मोजा नाही, पट्टी नाही, आम्हाला सगळ्यात जड गेलं ते पाय वर घेणं. दिवसातून तीन-चार वेळा अर्धा तास, पाय छातीपेक्षा उंच. ऐकायला किती सोपं! खाटेच्या पायथ्याखाली विटा लावल्या, उशा रचल्या. पण दारात कुणी आलं की आप्पा पाय खाली घेत. आल्यागेल्याकडे पाय करून पडायचं म्हणजे त्यांना त्या माणसाचा अपमान वाटे. थोरल्या काकांसमोर तर ते पट्टी बांधलेला पाय खाली सोडून तासभर ताठ बसले होते, आणि संध्याकाळी घोटा टम्म. जन्मभर उभं राहिलेल्या माणसाला लोकांदेखत पाय वर करून पडायची लाज वाटते. मी रागावले, रडले. शेवटी काकांनाच सगळं सांगितलं. ते दुसऱ्या दिवशी आले, स्वतःच्या हातांनी आप्पांचे पाय उचलून उशीवर ठेवले आणि शेजारी बसून चहा प्याले.

तुम्ही येताच आहात रविवारी, आप्पांचा पाय बघायला. आप्पा दारासमोरच्याच खाटेवर असतील आणि तुम्हाला पाहून पाय खाली घेतील. घेऊ देऊ नका.