उभं करून बघा म्हटलं, तर हसले

माझ्या डाव्या पायाच्या शिरांचा, सोनोग्राफी सेंटरचा तो रिपोर्ट मी अजून फाईलमध्ये ठेवलाय. सगळ्यात खाली ठळक अक्षरात दोनच शब्द आहेत, 'नॉर्मल स्टडी'. त्या दोन शब्दांनी माझे सात महिने खाल्ले.

मी इचलकरंजीचा, खर्चीवाला, म्हणजे व्यापाऱ्याच्या सुताचं कापड मजुरीवर विणून देणारा. आठ यंत्रमाग आहेत. कामगार आला नाही की बारा तासांची पाळी आपणच काढायची, आणि न येण्याचेच दिवस जास्त. विसाव्या वर्षापासून मागाच्या गल्लीत उभा आहे, आता वय 54. डाव्या पोटरीवर निळसर गाठी होत्या, पण आमच्या धंद्यात त्याला कुणी आजार म्हणत नाही. घोट्याच्या वर आतल्या बाजूला कातडी तपकिरी पडली होती, लाकडासारखी कडक, आणि रात्री खाज सुटायची. गणपतीच्या आधी तिथंच सायकलचं स्टँड लागलं. जखम रुपयाएवढी. दिवाळीपर्यंत ती तळहाताएवढी झाली. दुखण्यापेक्षा पाझरायची जास्त. चादर ओली, पायजमा ओला, आणि वास. माणसं जरा लांब बसायला लागली की आपल्याला कळतंच.

ज्याला त्याला एकच प्रश्न, "शुगर आहे का?" पाच वेळा तपासली. नाही. एकजण तर म्हणाला, पुन्हा तपासा, असणारच.

फॅमिली डॉक्टरांनी चिठ्ठी दिली, 'डॉपलर, डावा पाय'. डॉपलर म्हणजे शिरांतलं रक्त कसं वाहतं ते दाखवणारी सोनोग्राफी. इथून खरी गोष्ट सुरू होते.

सेंटरला रेडिओलॉजिस्ट मंगळवारी आणि शुक्रवारी येत. पहिल्या मंगळवारी तीन तास बसल्यावर काउंटरवरची मुलगी म्हणाली, "काका, ड्रेसिंग काढून यायचं असतं." आधी सांगितलं असतं तर काढून आलो असतो. शुक्रवारी ड्रेसिंग काढून, पायाला प्लास्टिकची पिशवी बांधून गेलो, तर डॉक्टर आलेच नव्हते. पुढच्या मंगळवारी नंबर लागला. पलंगावर झोपवलं, गार जेल लावलं, जांघेपासून गुडघ्यापर्यंत मशीन दाबत नेलं, झालं. पाच मिनिटंही नसतील. रिपोर्टात लिहिलं, खोल शिरांमध्ये गुठळी नाही, नॉर्मल स्टडी.

तो कागद बघून फॅमिली डॉक्टर म्हणाले, चला, शिरांचं काही नाही. मग त्या कागदाच्या जोरावर तीन वेळा अँटिबायोटिकचे कोर्स, रोज कंपाउंडरकडून आयोडीनची पट्टी, मध्येच निओमायसिनचं एक मलम, ज्यानं जखमेभोवतीची कातडी लाल होऊन फुटली. शेजारच्यांनी हळद आणि खोबरेल तेल सुचवलं, तेही केलं. कुणी रिपोर्टावर शंका घेतली नाही. मीही नाही. छापील कागद, वर शिक्का, खाली सही.

शंका घेतली ती आमच्या मेहुण्यानं. तो एसटीत कंडक्टर, त्याला हे दुखणं होऊन गेलेलं. वैशाखात घरी आला, पाय बघितला आणि विचारलं, "दाजी, तुम्हाला उभं करून केलं का?"

मी पुन्हा सेंटरवर. "उभं करून बघा" म्हटलं, तर काउंटरवरची मुलगी हसली. "काका, सोनोग्राफी कुठं उभं राहून असते का?" मागं बसलेले दोघंतिघंही हसले. म्हणाली, नवीन चिठ्ठी आणा. फॅमिली डॉक्टर गावाला गेलेले. चार दिवसांनी चिठ्ठी मिळाली, ती पुन्हा तशीच, 'डॉपलर, डावा पाय'. फॉर्ममध्ये 'तपासणीचे कारण' असा एक रकाना आहे. तिथं तिनं मला न विचारता 'जखम' लिहून टाकलं. मंगळवारी नंबर. आत गेलो तर डॉक्टर जुना रिपोर्ट बघून म्हणाले, "हे मीच केलंय, नॉर्मल आहे." मी म्हटलं, उभं करून? ते जरा गप्प झाले. मग म्हणाले, शिरांतले व्हॉल्व्ह, म्हणजे झडपा, बघायचे म्हणून चिठ्ठीत लिहिलं असतं तर तसं केलं असतं, त्याला अर्धा तास लागतो, बाहेर बघा किती बायका पोटुशी बसल्यात.

खोटं बोलत नव्हते ते. बाहेर खरंच तीस-चाळीस माणसं होती. चिठ्ठीत विचारलं नाही म्हणून त्यांनी बघितलं नाही, रिपोर्टात नॉर्मल आलं म्हणून चिठ्ठी देणाऱ्यानं पुढं विचारलं नाही, आणि पाय मात्र माझा. पैसे परत मागावेत असं वाटलं होतं. मागितले नाहीत, याचा अजून राग येतो.

तिथूनच मिरजेला रक्तवाहिन्यांच्या सर्जनकडे गेलो. हे मी आधीच करायला हवं होतं. महिना-दीड महिना झाला आणि घोट्याजवळची जखम लहान होत नसेल, तर सरळ अशा डॉक्टरांकडे जा.

तिथं पलंग नव्हताच. दोन पायऱ्यांच्या लाकडी स्टुलावर उभं केलं, भार उजव्या पायावर, हातात धरायला दांडी. डॉक्टर स्वतः खाली बसले, पोटरी दाबून सोडली. पडद्यावर निळं होतं ते लाल झालं आणि लालच राहिलं. दाबल्यावर रक्त वर जातं. हात काढला की झडपा मिटल्या पाहिजेत. कातडीलगतच्या या वरवरच्या शिरेत अर्ध्या सेकंदाहून जास्त वेळ उलटं आलं तर झडपा निकामी समजतात. माझं दोन सेकंदांच्या वर येत होतं, जांघेपासून खालपर्यंत. मी विचारलं, मग झोपून का दिसलं नाही? ते म्हणाले, "झोपल्यावर झडपांवर भारच कुठं असतो?" बंद माग बघून चांगला चालतो म्हणण्यासारखंच की हे!

मग त्यांनी नीट समजावलं. उभं असताना घोट्याच्या शिरेत 80-90 मिलिमीटर (पाऱ्याचा) दाब असतो. धडधाकट माणूस चालायला लागला की पोटरी पंपासारखी रक्त वर ढकलते आणि दाब 30 च्या खाली येतो. झडपा गेल्या की तो उतरतच नाही. वर्षानुवर्षं दाबाखाली रक्त कातडीत झिरपतं, त्यातलं लोह साचून तपकिरी डाग पडतो, आणि मग साधं स्टँड लागायचं निमित्त पुरतं. गुठळी नाही हा रिपोर्ट बरोबरच होता. फक्त माझा प्रश्न गुठळीचा नव्हता.

उपचार म्हणजे पायाला दाब देणारी घट्ट पट्टी. ती बांधण्याआधी हाताचा आणि घोट्याचा बीपी मोजून घोट्याच्या आकड्याला हाताच्या आकड्यानं भागलं. माझा एकच्या जरा वर आला. तो 0.8 च्या खाली असेल तर पायाला रक्तच कमी पोचतंय, आणि घट्ट पट्टीनं पाय जाऊ शकतो. म्हणून सांगतो, मेडिकलमधून क्रेप बँडेज आणून मनानं आवळू नका. पट्टी चार थरांची, आधी कापूस, मग क्रेप, मग इलॅस्टिक, वर चिकटणारी. घोट्याशी 40 मिलिमीटरच्या आसपास दाब. आठवड्यातून एकदा बदलायची. पहिला आठवडा वाईट गेला, पट्टीतून पिवळं पाणी येऊन वास सुटला, मला वाटलं सडतंय. फोन केला तर नर्स म्हणाली, येऊ दे, सूज उतरतेय. दर खेपेला जखमेवर पारदर्शक कागद ठेवून पेनानं कड काढायची. ते कागद एकावर एक ठेवले की आमची ही मोजायची.

निकामी शीर लेसरनं आतून बंद करायची होती. जखम भरेपर्यंत त्या लेसरला थांबायचं का, हे मी विचारलं होतं. ते म्हणाले, नको. इंग्लंडात 450 रुग्णांवर केलेला अभ्यास 2018 साली प्रसिद्ध झालाय. पट्टीसोबत शिरेवर लवकर उपचार केलेल्यांची जखम भरायला साधारण 56 दिवस लागले, थांबलेल्यांना 82. मी मनात सात महिन्यांचे दिवस मोजले. लेसर जागा बधिर करून झालं, त्याच दिवशी चालत घरी आलो. त्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही. विम्याचं मात्र आधी बघा, बऱ्याच पॉलिसींत व्हेरिकोजला, म्हणजे शिरा फुगण्याच्या या दुखण्याला, दोन वर्षं थांबावं लागतं. माझी जुनी होती म्हणून वाचलो.

अकराव्या आठवड्यात कातडी आली, गुलाबी, कांद्याच्या पापुद्र्यासारखी. परत गणपतीच होते.

हो, अँटिबायोटिक. मिरजेत एकही दिलं नाही. ताप, लाली पसरणं, कातडी गरम लागणं असलं तरच, म्हणाले. जखम साध्या पाण्यानं धुवायची, आसपास साधं पांढरं व्हॅसलिन. जखम भरल्यावर पट्टीऐवजी दाब देणारे सॉक्स. त्यांचं माप सकाळी उठल्या उठल्या द्यायचं, संध्याकाळी सुजलेल्या पायाचं दिलं तर ते ढिले पडतात. अंथरुणातून पाय खाली टाकायच्या आधी चढवायचे. हाताला रबरी हातमोजे घातले तर सरकतात, हा शोध माझा. सहा महिन्यांनी जोड बदलायचा, इलॅस्टिक जातं. झोपताना पाय उंच राहावेत म्हणून पलंगाच्या पायथ्याखाली दोन विटा. मागाजवळ उभं असताना टाचा वर-खाली करत राहायचं, कामगार हसतात, हसू देत.

त्यातलाच एक, रात्रपाळीचा, परवा पँट वर करून घोटा दाखवत होता. तसाच तपकिरी डाग. त्याला म्हटलं, चल. त्याच्या डॉक्टरांकडे सोबत गेलो आणि चिठ्ठीवर 'उभे करून, झडपांसाठी' असं त्यांच्याच हातानं लिहून घेतलं. सेंटरला मुलगी तीच. तिनं चिठ्ठी वाचली, माझ्याकडे बघितलं, आणि हसली नाही.

मंगळवारी बोलावलंय. ड्रेसिंग काढून यायचं का, हे मी आधीच विचारून घेतलं. जखम नाहीये त्याला, तरी विचारलं.