सगळे विकतायत तेव्हा

आज डबा खाताना पुन्हा तोच विषय: मार्केट पडतंय, एसआयपी (म्युच्युअल फंडात दरमहा ठरावीक रक्कम गुंतवणं) बंद करा. मी म्हटलं, मी तर वाढवतोय. अकाउंट्सच्या काकांनी बटाट्याच्या भाजीवरून मान वर करून असं बघितलं, जणू मी राहतं घर विकायला काढलंय!

२३ मार्च २०२० ला सेन्सेक्स एका दिवसात ३,९३४ अंकांनी आपटला. लोक मिळेल त्या भावात विकत सुटले होते. सप्टेंबर २०२१ मध्ये तोच सेन्सेक्स ६०,००० पार.

अर्थात, उलटं जायचं म्हणून उलटं जाण्यातही राम नाही. येस बँकेचा शेअर घसरताना ‘स्वस्तात मिळतोय’ म्हणत घेणारेही प्रवाहाविरुद्धच पोहत होते की, आणि बुडाले! म्हणून माझी वाढ फक्त इंडेक्स फंडात (सेन्सेक्ससारख्या निर्देशांकातले सगळे शेअर घेणारा फंड), तीही पाच-सात वर्षं हात न लावायच्या पैशांची.