सुई हललीच असती

रविवार, रात्री साडेअकरा

मनूला उत्तर देता आलं नाही याचं वाईट वाटत नाहीये. तिने उत्तर आधीच ठरवून टाकलं होतं, ते टोचतंय. "मावशी, तू नसतीस तरी तुमच्या वेधशाळेतली ती चुंबकाची सुई हललीच असती ना?" ताईने डोळे वटारले, मी हसून आमटी वाढून घेतली, आणि आता झोप येत नाही.

हललीच असती. मुळात हल्ली सुई नसतेच. फ्लक्सगेटचा, म्हणजे चुंबकीय क्षेत्र मोजणारा सेन्सर असतो, तो सेकंदासेकंदाला आकडा आपोआप नोंदवतो, म्हणजे माझी गरज आणखीच कमी. सूर्यावर काहीतरी भडकतं, दोन-तीन दिवसांनी पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राचा इथला 38,000 नॅनोटेस्लाच्या (हे त्याचं एकक) आसपासचा आडवा भाग शंभर-दोनशेने खाली येतो, मग हळूहळू सावरतो. मी ते बघते. सगळी नोकरी बघण्यातच गेली. बरोबरीच्यांनी काही ना काही शोधून काढलं. आमच्या आकड्यांवर कुठे कुठे निबंध होतात आणि शेवटी बारीक टायपात वेधशाळेचे आभार. आई असती तर म्हणाली असती... जाऊ दे, तो विषय आज नको.

नातेवाइकांचा प्रश्न ठरलेला: पृथ्वीचे चुंबकीय उत्तर-दक्षिण ध्रुव उलटणार म्हणे, कधी? शेवटचे उलटले त्याला साधारण 7.8 लाख वर्षं झाली. त्यात माझी नोकरी कुठे दिसणार? मे 2024 मध्ये लडाखमधल्या हान्लेहून सौर वादळाने लाल झालेल्या आकाशाचे फोटो आले, तेव्हा मात्र दोन दिवस फॅमिली ग्रुपवर माझा भाव वधारला होता. तिसऱ्या दिवशी हापूसच्या पेटीचा भाव सुरू झाला.

तरीपण हललीच असती हे काही पचत नाही. हलली असती, पण मग?

कुलाबा वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई मूस. मुंबईत विजेच्या ट्राम येणार आणि त्यांच्या प्रवाहाने नोंदी बिघडणार, म्हणून चुंबकीय मोजमाप अलिबागला हलवलं गेलं. पण ते कसं? 1904 मध्ये अलिबाग सुरू झालं आणि 1906 पर्यंत कुलाबाही चालूच ठेवला. दोन्हीकडे एकाच वेळी मोजायचं, म्हणजे जुन्या आकड्यांना नवे आकडे नीट जोडता येतात. इमारतीला दगडसुद्धा पोरबंदरचा आणला, कारण आपला काळा कातळ स्वतःच चुंबकीय. एवढा खटाटोप कशासाठी, तर मध्ये खंड पडू नये म्हणून. यात शोध कुठला लागला, असं मनू विचारेलच.

आणि 2 सप्टेंबर 1859. कुलाब्यात भरदिवसा कुणीतरी दुर्बिणीला डोळा लावून पट्टीवरचे आकडे वाचत होतं आणि क्षेत्र तब्बल 1600 नॅनोटेस्लाने कोसळलं. त्याला वाटलं असेल यंत्र बिघडलं. तरी त्याने आकडा लिहिला, पुढचाही लिहिला. त्या नोंदींवरून त्या दिवशीच्या सौर वादळाची ताकद नव्याने काढली गेली ती 2003 मध्ये, म्हणजे 144 वर्षांनी. त्याच्या घरीही असेलच कुणी मनू. जेवताना त्याला काय काय ऐकून घ्यावं लागलं असेल!

हे लिहिल्यावर थोडं हसू आलं खरं. स्वतःला 1859 च्या रांगेत नेऊन बसवायचं म्हणजे जरा अतीच.

उद्या ॲब्सोल्यूट, म्हणजे क्षेत्राचं मूळ पातळीसकट हाताने घेतलेलं मोजमाप, घ्यायचंय. सेन्सर नुसता चढउतार सांगतो. तो कुठल्या पातळीवरून, हे अजून माणसालाच बसवावं लागतं. थिओडोलाइटची, म्हणजे कोन मोजायच्या यंत्राची दुर्बीण सुलटी-उलटी करून, पूर्वेला-पश्चिमेला फिरवून, दर वेळी आकडा शून्यावर आणायचा. आत जाताना अंगावर लोखंड नको. घड्याळ, किल्ल्या, मोबाइल बाहेर. केसातल्या पिना बाहेर. मंगळसूत्र सोन्याचं, ते चालतं, पण बांगडीत अडकवलेली सेफ्टी पिन दर वेळी राहते आणि शून्य काही केल्या जागेवर येत नाही. मग लक्षात येतं, पुन्हा दारापर्यंत यायचं, पुन्हा पहिल्यापासून.

हे काम करणारी स्वयंचलित यंत्रंही आता निघालीत म्हणा. माझ्या निवृत्तीआधी आमच्याकडे आली नाहीत म्हणजे मिळवली. नंतर खुशाल येऊ देत, त्यांना निदान सेफ्टी पिना तरी लागत नाहीत.