खाड्याचा हिशेब

लघुपट जुळवून झाला की ज्यांची गोष्ट त्यांना तो सगळ्यांत आधी दाखवायचा, हा आमच्या टीमचा नियम. बीड जिल्ह्यातल्या धारूर तालुक्यातल्या त्या वस्तीवर लॅपटॉप घेऊन पोचलो, तेव्हा दसरा झाला होता आणि ऊसतोडीला जायची बांधाबांध सुरू होती.

ज्यांच्यावर लघुपट, त्या ताई ऊसतोड कामगार, तिशीतल्या, गर्भपिशवी काढलेल्या. २०१९ साली सरकारने नेमलेल्या समितीच्या पाहणीत बीड जिल्ह्यातल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांपैकी १३,८६१ जणींची पिशवी काढलेली आढळली. तो आकडा सगळीकडे छापून आला. बाई त्या ऑपरेशनपर्यंत पोचते कशी, हे तिच्याच तोंडून यावं म्हणून आमचा खटाटोप.

लघुपटाच्या मध्यावर ताई रडतात. आम्हा सगळ्यांना तोच भाग सर्वांत प्रभावी वाटत होता. ताईंनी तो शांतपणे पाहिला आणि म्हणाल्या, "रडल्यालं काढा. आन् खाड्याचं कुठं गेलं? लई येळ सांगितलं होतं की मी."

खरंच सांगितलं होतं. लांबतंय म्हणून संकलनात ते दोन वाक्यांवर आलं होतं. मग ओसरीतच पुन्हा कॅमेरा लावला. नवराबायको मिळून एक कोयता. हंगामाआधी मुकादमाकडून, म्हणजे मजूर पुरवणाऱ्या ठेकेदाराकडून, उचल म्हणजे आगाऊ रक्कम घ्यायची आणि तोडलेल्या उसाच्या टनावर फेडायची. एक दिवस कामावर गेलं नाही की खाडा, त्यांच्या टोळीत पाचशे रुपये दंड. पाळीतही मोळ्या डोक्यावर घेऊन ट्रकवर चढायचं. राहायच्या कोपीपाशी, म्हणजे झोपडीपाशी, ना संडास, ना न्हाणी. अंगावरून जायला लागलं तेव्हा खासगी डॉक्टर म्हणाला, पिशवी काढा, नाहीतर कॅन्सर होईल. ऑपरेशनचे पैसे पुन्हा मुकादमाकडूनच, म्हणजे पुढच्या वर्षीची उचल आणखी वाढली. मध्येच नवऱ्याने वही आणून एक रक्कम दुरुस्त केली. आजाराची गोष्ट म्हणून आम्ही जी मांडत होतो, ती मुळात कर्जाची होती, हे ताईंना पक्कं ठाऊक होतं.

रडण्याचा भाग काढला. हिशेब पूर्ण ठेवला.

निघताना मी पुन्हा विचारलं, "ताई, चेहरा दाखवायचा का?"

"दाखवा की. मी काय चोरी केली का?" मग नवऱ्याकडे पाहून म्हणाल्या, "मुकादमाचं नाव तेवढं ऐकू येऊ देऊ नका. उचल त्याचीच घेतलीय."